मेटलच्या कॉन्सर्टचा चित्रपट कोण काढतं?



आजचा भाग भिलाईहून, वैशाली नगरातल्या आमच्या घरून. माझ्या हातात एक डीव्हीडी आहे. पुस्तकात वाचणाऱ्यांना ती दिसणार नाही, म्हणून सांगतो. कव्हरवर गुलाबाची फुलं आहेत, मधल्या बदामाच्या चौकटीत माझा धाकटा भाऊ ड्रम वाजवतोय आणि खाली सोनेरी अक्षरांत लिहिलंय, 'वार्षिकोत्सव 2007'. शूटिंगवाल्या भैयांकडे लग्नाचं कव्हर तयार होतं. त्यात त्यांनी फक्त फोटो बदलला.

भावाचा चौघा इंजिनिअरिंगवाल्या पोरांचा बँड होता. वाजवायचे एक्स्ट्रीम मेटल. कॉलेजच्या वार्षिकोत्सवात त्यांना वीस मिनिटं मिळाली. त्यातली दोन गाणी त्यांची स्वतःची होती. ही रात्र जपून ठेवावी म्हणून आम्ही वर्गणी काढली आणि लग्नाचं शूटिंग करणाऱ्या भैयांना बोलावलं. भैयांनी इमानेइतबारे काम केलं. प्रमुख पाहुण्यांचा पुष्पगुच्छ घेतला, पहिल्या रांगेतल्या बायका एकेक करून घेतल्या, आणि मग स्टेजकडे वळून बँडही घेतला. घरी जाऊन टेप लावली तर आवाजाच्या जागी नुसती घरघर. त्यांना वाटलं, माईक बिघडला. गिऱ्हाईक नाराज होईल म्हणून त्यांनी सगळा आवाज पुसला आणि वीसच्या वीस मिनिटांवर सनई टाकली.

आम्ही मूळ टेप मागायला गेलो, तेव्हा तिच्यावर पुढच्या आठवड्यातलं एक लग्न चढलेलं होतं.

हसा, मलाही हसू येतं. पण त्या दोन गाण्यांचं दुसरं कुठलंही रेकॉर्डिंग नाही. वर्षभरात बँड फुटला. एक जण पुण्याला गेला, एक हैदराबादला, एकानं घरचं दुकान धरलं. गाणी गेली ती गेलीच. तेव्हापासून माझ्या डोक्यात एक प्रश्न आहे, आणि आजचा भाग त्याच प्रश्नावर आहे: अशा रात्री टिकतात कशा? त्या टिकवतं कोण? आणि आपल्याकडच्या टिकल्या का नाहीत?

हे संगीत म्हणजे काय

ज्यांनी हे संगीत ऐकलेलं नाही त्यांच्यासाठी थोडक्यात. हेवी मेटल म्हणजे विकृत केलेल्या गिटारचा जाड, जड आवाज. 1980 च्या दशकात त्यातल्या काही मंडळींनी वेग आणि कर्कशपणा टोकाला नेला. त्यातून थ्रॅश, डेथ, ब्लॅक, ग्राइंडकोर असे प्रकार निघाले. या सगळ्यांना मिळून एक्स्ट्रीम मेटल म्हणतात. गायक गात नाही, पोटातून गुरगुरतो किंवा किंचाळतो. ड्रमवाला दोन्ही पायांनी बास ड्रम बडवतो. पहिल्यांदा ऐकणाऱ्याला तो निव्वळ गोंगाट वाटतो. ऐकून ऐकून कान तयार झाला की त्याच गोंगाटात सूर, लय, रचना दिसायला लागतात.

भिलाईत हे वाजावं याचं मला कधी नवल वाटलं नाही. आमचं गावच धातूचं. 1955 मध्ये सोव्हिएत संघाशी करार झाला आणि फेब्रुवारी 1959 मध्ये राष्ट्रपती राजेंद्रप्रसादांच्या हस्ते पहिली झोतभट्टी सुरू झाली. कामासाठी देशभरातून माणसं आली, तसे विदर्भातून आमचे बाबा आले. तिकडे इंग्लंडमध्ये हेवी मेटल जन्मलं तेही कारखान्यांच्या बर्मिंगहॅममध्ये. ब्लॅक सबाथचा गिटारवादक टोनी आयोमी सतरा वर्षांचा असताना पत्र्याच्या कारखान्यात कामाला होता. 1965 मध्ये, नोकरीच्या शेवटच्या दिवशी, यंत्रात त्याच्या उजव्या हाताच्या दोन बोटांची टोकं गेली. त्यानं प्लॅस्टिक वितळवून बोटांना टोपणं केली, हलक्या तारा लावल्या, आणि पुढे त्या सैल करून खालच्या सुरात वाजवू लागला. मेटलचा तो जड आवाज घडण्यात या अपघाताचाही वाटा आहे.

घरघर का झाली

भैयांचा माईक बिघडलेला नव्हता. लग्नाच्या कॅमेऱ्याचा माईक बोलणं, मंगलाष्टकं, फार तर बँडबाजा धरण्यासाठी असतो. आवाज वाढला की कॅमेरा आपोआप त्याची पातळी खाली ओढतो, कमी झाला की वर नेतो. मेटलच्या कॉन्सर्टमध्ये आवाज सहज 100 डेसिबलच्या पुढे जातो आणि तिथून खाली येतच नाही. माईक भरून वाहतो, लाटांची शेंडी कापली जाते, आणि गिटार, ड्रम, गळा सगळं एकाच घरघरीत मिसळतं.

शिवाय वेगाचा हिशेब आहे. मिनिटाला 200 ठोक्यांच्या लयीत ड्रमवाला एका ठोक्याचे चार भाग करत असेल, तर मिनिटाला 800 आघात होतात, म्हणजे सेकंदाला तेरापेक्षा जास्त. आपल्याकडचा व्हिडिओ सेकंदाला 25 चित्रं घेतो. म्हणजे एका आघाताच्या वाट्याला जेमतेम दोन चित्रं. चित्र आणि आवाज दोन चित्रांनी सरकले की दिसणारी काठी आणि ऐकू येणारा ठोका यांची फारकत होते. आणि आवाज सेकंदाला साधारण 340 मीटर जातो, म्हणून 34 मीटर मागे उभ्या असलेल्या कॅमेऱ्याला तो सेकंदाच्या दहाव्या भागाइतका उशिरा पोचतो. म्हणजे अडीच चित्रं! भजनाच्या शूटिंगमध्ये हे कुणाच्या लक्षातही येत नाही. मेटलमध्ये सगळं विस्कटतं.

म्हणून कॉन्सर्टचा चित्रपट करणारे आवाज कॅमेऱ्यावर सोडत नाहीत. स्टेजवरच्या प्रत्येक माईकचा आवाज दोन वाटांनी जातो. एक वाट प्रेक्षकांच्या स्पीकरकडे, दुसरी वेगळ्या रेकॉर्डरकडे, आणि तिथे प्रत्येक वाद्याला वेगळी पट्टी असते. प्रेक्षकांचा आवाज धरायला त्यांच्याकडे तोंड केलेले आणखी माईक लागतात. सगळे कॅमेरे आणि रेकॉर्डर एकाच घड्याळावर चालतात. मग कित्येक आठवडे बसून ते जुळवायचं. थोडक्यात, चित्रापेक्षा आवाज महाग पडतो. आमच्या वर्गणीत चित्र आलं होतं, आवाज आला नव्हता. ही गोष्ट लक्षात ठेवा, कारण या इतिहासात ती पुन्हा पुन्हा भेटणार आहे.

व्हीएचएसचे दिवस

एक्स्ट्रीम मेटलच्या सुरुवातीच्या काळात त्याला ना रेडिओ विचारायचा, ना टीव्ही. त्याला हात दिला व्हीएचएस कॅसेटनं. न्यूकॅसलचा व्हेनम हा बँड घ्या. त्यांच्या 1982 च्या 'ब्लॅक मेटल' या अल्बमवरून पुढे एका अख्ख्या प्रकाराला नाव मिळालं. 1 जून 1984 रोजी ते लंडनच्या हॅमरस्मिथ ओडियनमध्ये वाजले. त्या रात्रीचं चित्रीकरण 'द सेव्हन्थ डेट ऑफ हेल' या नावानं कॅसेटवर आलं. पुढच्याच वर्षी, एप्रिल 1985 मध्ये, न्यूयॉर्कच्या स्टुडिओ 54 मध्ये व्हेनम, स्लेयर आणि एक्सोडस एकत्र वाजले. एके काळी डिस्कोचं देऊळ मानलेली ती जागा! त्याची कॅसेट 'द अल्टिमेट रिव्हेंज' नावानं निघाली. या कॅसेटी हातोहात फिरायच्या, एकावरून दुसरी, दुसरीवरून तिसरी. प्रत्येक नकलेत चित्र थोडं विरायचं. पण ज्या गावात असला बँड कधीच येणार नव्हता, तिथल्या पोराला ड्रमवाल्याचे पाय कसे हलतात ते पहिल्यांदा दिसलं. वाजवायला शिकवणारा गुरू म्हणजे ही कॅसेटच.

याच काळातली एक छोटी फिल्म मला फार आवडते. 31 मे 1986 रोजी अमेरिकेतल्या मेरीलँड राज्यात, लँडोव्हर इथल्या कॅपिटल सेंटरमध्ये ज्युडास प्रीस्टचा कॉन्सर्ट होता. जेफ क्रुलिक आणि जॉन हेन हे दोघे स्थानिक केबल केंद्राचा कॅमेरा घेऊन तिथे गेले, पण आत गेलेच नाहीत. बाहेरच्या पार्किंगमध्ये जमलेल्या पोरापोरींशी बोलले, त्यांचे केस, कपडे, बिअर, बढाया टिपल्या आणि परत आले. 'हेवी मेटल पार्किंग लॉट' ही सुमारे सतरा मिनिटांची फिल्म पुढे वर्षानुवर्षं नकला होऊन फिरली. संगीत जवळजवळ नाहीच, तरी त्या काळातला मेटलचा श्रोता कसा होता हे पाहायचं तर लोक आजही तिच्याकडे जातात. आमचे भैया पहिल्या रांगेतल्या बायका टिपत होते म्हणून मी तेव्हा चिडलो होतो. आज ती डीव्हीडी बघताना सगळ्यात जास्त वेळ मी तिथेच थांबतो. त्या रांगेत आई आहे, कानांवर हात ठेवून बसलेली. जागची उठली मात्र नाही.

मॉस्को, 1991

भिलाईकरांना मॉस्कोचं अप्रूप जुनं. म्हणून हे उदाहरण. 28 सप्टेंबर 1991. ऑगस्टमधला उठाव फसून महिना झालेला, सोव्हिएत संघाचे शेवटचे महिने. मॉस्कोच्या तुशिनो विमानतळावर 'मॉन्स्टर्स ऑफ रॉक'चा कार्यक्रम झाला. एसी/डीसी, मेटालिका, पँटेरा असे बँड आणि ईएसटी हा रशियन बँड. गर्दीचे आकडे दीड लाखापासून पंधरा लाखांपर्यंत काहीही सांगितले जातात. पण वेन आयशमनं केलेल्या चित्रपटात हेलिकॉप्टरमधून दिसणारी माणसं आहेत, क्षितिजापर्यंत. आणि त्याच चित्रपटात गणवेशातले जवान लाठ्या चालवतानाही दिसतात.

आज त्या दिवसाबद्दल जगाला जे माहीत आहे ते बहुतेक त्या चित्रपटामुळे. एक लक्षात घ्या: कॅमेरे अमेरिकन होते. त्यामुळे पाहुण्या बँडांना पडदा मिळाला, रशियन बँड मात्र जगाच्या आठवणीत कुठे कोपऱ्यातही उरला नाही. खर्च ज्याचा, चौकट त्याची. यात कुणाचा दुष्टपणा असतो असं नाही. कॅमेरा ज्याच्या पैशानं आलेला असतो त्याच्याकडे तो वळतोच.

क्राकूव, 2004

चित्रीकरण हा पुरावा असतो, आणि पुरावा कधी कधी पोलिसांकडे जातो. नॉर्वेच्या गॉर्गोरॉथ या ब्लॅक मेटल बँडनं 1 फेब्रुवारी 2004 रोजी पोलंडच्या क्राकूव शहरात डीव्हीडीसाठी कार्यक्रम केला. जागा होती दूरचित्रवाणी केंद्राचा स्टुडिओ. मंचावर खांबांवर रोवलेली मेंढ्यांची मुंडकी, मेंढ्यांचं रक्त, क्रुसांवर बांधलेली नग्न माणसं. क्राकूव हे त्या वेळच्या पोपचं, जॉन पॉल दुसरे यांचं शहर, तिथेच ते बिशप होते. गहजब झाला. धार्मिक भावना दुखावणं आणि प्राण्यांशी क्रौर्य या आरोपांखाली चौकशी सुरू झाली, चित्रीकरण पोलिसांनी ताब्यात घेतलं. बँडवर खटला चालला नाही, आयोजकाला मात्र दंड झाला. 'ब्लॅक मास क्राकूव 2004' ही डीव्हीडी बाजारात यायला 2008 उजाडलं.

मला तो देखावा आवडत नाही, हे स्पष्ट सांगतो. मुक्या जनावराची मुंडकी मांडून काय साधतं, मला कळत नाही. पण इतिहास म्हणून एक गोष्ट नोंदवावी लागते. कॅमेरे होते म्हणूनच मंच इतका सजला होता. डीव्हीडी निघणार आहे हे ठाऊक असलं की मंचावरचा माणूस प्रेक्षकांसाठी कमी आणि भिंगासाठी जास्त वाजवू लागतो. कॉन्सर्टचा चित्रपट जे घडलं ते तर टिपतोच, काय घडायचं हेही कधी कधी तोच ठरवतो.

मुंबई

आता आपल्याकडे येऊ.

मुंबईत धोबी तलावाला, सेंट झेवियर्स कॉलेजच्या शेजारी, रंगभवन नावाचं खुलं नाट्यगृह आहे. 1978 मध्ये तिथे 'जॅझ यात्रा' सुरू झाली. 1986 मध्ये फरहाद वाडियांनी 'इंडिपेंडन्स रॉक' सुरू केला, पोरांच्या भाषेत 'आय-रॉक'. पावसाळ्याचे दिवस, वर आभाळ, खाली चिखल, आणि काळे टी-शर्ट घातलेली हजारो पोरं. दादर, डोंबिवली, ठाणे, पुणे, कुठून कुठून यायची. भारतातल्या कितीतरी बँडांना तिथेच पहिल्यांदा मोठा मंच मिळाला.

मग 2000 साली ध्वनिप्रदूषणाचे नियम आले. रुग्णालय, शाळा-कॉलेज, न्यायालय यांच्याभोवतीचा किमान 100 मीटरचा पट्टा शांतता क्षेत्र ठरवता येऊ लागला. तिथे दिवसा 50 आणि रात्री 40 डेसिबलची मर्यादा. रंगभवनच्या एका अंगाला कॉलेज, जवळच रुग्णालय. पुढच्या काही वर्षांत तिथला मोठा आवाज बंद झाला आणि आय-रॉक अंधेरीच्या चित्रकूट मैदानासारख्या जागी गेला. नियम चुकीचा होता असं मी म्हणणार नाही. रुग्णालयातल्या माणसाला झोप हवीच. पण जागा गेली की जागेची आठवण फक्त माणसांच्या डोक्यात उरते, आणि डोकी म्हातारी होतात. मुंबईतल्या पन्नाशीच्या कुठल्याही मेटलवाल्याला रंगभवनबद्दल विचारा, तो तासभर बोलेल. दाखवायला मात्र त्याच्याकडे चार फोटो आणि पावसात विरघळलेलं तिकीट.

त्याच काळात मुंबईत एक्स्ट्रीम मेटलचे बँड उभे राहत होते. 2000 मध्ये साहिल मखिजानं डेमॉनिक रेझरेक्शन सुरू केला. 2003 मध्ये भयानक मौत आला. हे नाव ऐकून माझी आजी म्हणाली होती, "हे काय वाजवतात की मारतात?" पुढे झिग्नेमा, गटस्लिट. जुहूच्या रॅझबेरी ऱ्हायनोसेरससारख्या जागांत हे बँड वाजायचे. पैसे नव्हतेच. साहिलनं स्वतःच रेकॉर्डिंग शिकून घेतलं, स्वतःचं लेबल काढलं, इतरांचे अल्बम काढले. ध्वनिमुद्रण घरात, संगणकावर होऊ लागलं होतं, म्हणून अल्बम निघाले. कॉन्सर्टचा चित्रपट घरात बसून होत नाही. त्याला एका रात्रीपुरती तरी मोठी फौज लागते.

ती फौज आली कॅनडाहून. सॅम डन हा मानववंशशास्त्र शिकलेला, लहानपणापासून मेटलवेडा माणूस. स्कॉट मॅकफेडियनसोबत त्यानं 2005 मध्ये 'मेटल: अ हेडबँगर्स जर्नी' हा माहितीपट केला. 2008 च्या 'ग्लोबल मेटल'मध्ये हे दोघे ब्राझील, जपान, चीन, इंडोनेशिया, इस्रायल आणि भारतात फिरले. भारताच्या भागात साहिल मखिजा आहे. मुंबईतला एक्स्ट्रीम मेटलवाला जगभरच्या पडद्यावर बोलताना दिसला तो इथे.

आणि मग 1 फेब्रुवारी 2008. आयर्न मेडन. एक्स्ट्रीम मेटल नव्हे, जुनं, सुरेल हेवी मेटल, पण एक्स्ट्रीमवाल्या प्रत्येक पोराचं पहिलं प्रेम बहुधा तेच. गायक ब्रूस डिकिन्सन स्वतः वैमानिक. बोइंग 757 मध्ये बँड, कामगार आणि सगळं सामान भरून तो स्वतः विमान उडवत निघाला: 45 दिवस, 23 कार्यक्रम. पहिला कार्यक्रम मुंबईत, वांद्रे-कुर्ला संकुलाच्या मैदानावर. विमानात डन आणि मॅकफेडियन कॅमेरे घेऊन बसलेले. 2009 मध्ये 'आयर्न मेडन: फ्लाइट 666' जगभरच्या चित्रपटगृहांत लागला. त्याच्यासोबत आलेल्या ध्वनिमुद्रणात प्रत्येक गाणं वेगळ्या शहरातलं आहे, आणि पहिलं गाणं मुंबईचं.

मी ते चित्रपटगृहात पाहिलं नाही, डीव्हीडीवर पाहिलं, इथेच वैशाली नगरात, भावासोबत. मुंबईचा आवाज पहिला आला तेव्हा भाऊ उठून उभा राहिला. प्रेक्षकांचा तो एकच कल्लोळ इतका स्वच्छ धरलेला होता की पुढच्या माणसाची शिट्टीसुद्धा वेगळी ऐकू येत होती. भाऊ म्हणाला, "दादा, आपली पोरं एवढ्या जोरात ओरडतात हे मला माहीतच नव्हतं."

या वाक्यावर मी बराच विचार केला. रंगभवनात ती पोरं वीस वर्षं तशीच ओरडत होती. ते ऐकायला परदेशी पाहुणा आणि त्याची विमानभर माणसं यावी लागली. डनबद्दल माझ्या मनात आदरच आहे; त्यानं आपल्याकडे भिंग वळवलं. पण चित्रपट मेडनचा आहे. मुंबई त्यातला पहिला थांबा, पुढच्या थांब्याला विमान उडालं.

आपल्याकडे असं कुणी केलंच नाही असं नाही. जयदीप वर्मांनी 'इंडियन ओशन' या बँडवर 'लीव्हिंग होम' हा चित्रपट केला, 2010 मध्ये तो चित्रपटगृहांत लागला आणि त्याला राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. ते मेटल नव्हे, पण आपला बँड, आपला दिग्दर्शक, आपला पडदा, हे शक्य आहे हे त्यातून दिसलं. आणि इथे भिलाईतच पाहा. पोलाद कारखान्यात नोकरी केलेल्या तीजनबाईंची पंडवानी श्याम बेनेगलांच्या 'भारत एक खोज'मुळे देशभरच्या घरांत पोचली. त्यांच्याही गाण्यात गर्जना आहे, थरार आहे. कुणीतरी कॅमेरा आणि नीट माईक घेऊन समोर बसलं, म्हणून ती पिढ्यांना दिसेल.

आता

2005 मध्ये यूट्यूब आलं. सुरुवातीची काही वर्षं तिथे दहा मिनिटांची मर्यादा होती, म्हणून जुन्या कॉन्सर्टचे तुकडे तुकडे चढले. फोनमधले कॅमेरे आले, चित्र स्वस्त झालं. दिल्लीच्या ब्लडीवूडसारखा बँड यूट्यूबवरच जन्मला, 2019 मध्ये युरोपात फिरला, जर्मनीतल्या वाकेनच्या महोत्सवात वाजला आणि त्या दौऱ्याचा चित्रपट स्वतःच करून त्यानं यूट्यूबवर ठेवला. या वेळी पाहुणे आपण होतो आणि कॅमेराही आपलाच होता.

आणि भैयांचं काय? आज भिलाईत, अमरावतीत, बेळगावात, इंदुरात लग्नाचं शूटिंग करणाऱ्यांकडे क्रेन आहे, ड्रोन आहे, चार-चार कॅमेरे आहेत. कॉन्सर्टच्या चित्रपटाला लागणारं चित्राचं सगळं सामान आपल्या गावागावात पडून आहे. अडतं ते अजून आवाजापाशीच. म्हणून बँड चालवणाऱ्या पोरांना चार गोष्टी सांगतो. मिक्सरवाल्याला आधी भेटा, त्याच्या यंत्रातून आवाज वेगळा रेकॉर्ड करून घ्या, आणि एक छोटा रेकॉर्डर प्रेक्षकांत ठेवा. शूटिंगवाल्याला गाण्यांची यादी द्या आणि आवाजाची पातळी हातानं लावायला सांगा. वाजवणाऱ्या प्रत्येकाची लेखी परवानगी घ्या. 1994 पासून आपल्या कायद्यात कलावंताचा स्वतःच्या सादरीकरणावर हक्क आहे, आणि मैत्री तुटल्यावर तो आठवतो. मूळ फायली दोन ठिकाणी ठेवा.

ज्यांच्या कपाटात जुन्या मिनी-डीव्ही टेप आहेत त्यांनी यंदाचा पावसाळा उतरला की त्या बाहेर काढा. त्यांना बुरशी लागते, आणि ती वाजवणारे कॅमेरे दरवर्षी कमी होत आहेत. टेपवर लग्न लिहिलेलं असलं तरी शेवटपर्यंत बघा. खाली काय उरलंय सांगता येत नाही.

शेवटी भावाबद्दल. गेल्या दिवाळीत तो आला होता. आम्ही ही डीव्हीडी लावली, सनई बंद केली. भावानं चित्र हळू केलं, वही घेतली, आणि स्वतःचे हात बघून एकेक ठोका लिहायला लागला. सेकंदाला पंचवीस चित्रं, एका आघाताला दोन. रात्री दोनपर्यंत बसून त्यानं एका गाण्याचे हातांचे ठोके जवळजवळ पूर्ण उतरवले. पाय ड्रमच्या मागे झाकलेले, ते अंदाजानं भरले. मग त्यानं हैदराबादच्या गिटारवाल्याला फोन लावला आणि मांडीवर ठोके वाजवून दाखवले. पलीकडे बराच वेळ शांतता. मग तो म्हणाला, "थांब, गिटार काढतो."

दोघांना मिळून पहिलं कडवं आठवलंय. दुसरं अजून सापडत नाही. त्या रात्री त्या सभागृहात कुणी फोनवर काही टिपलं असेल आणि हा भाग त्याच्यापर्यंत पोचला असेल, तर खाली लिहा.

भेटू पुढच्या भागात.